पाठीवरची चेन

सासूबाईंची उजवी बाजू लुळी पडली, त्यानंतर त्या दोन वर्षं जगल्या. त्या दोन वर्षांत त्यांनी भरवून घेतलं, अंघोळ घालून घेतली, केस विंचरून घेतले. पण कपडे काढायला माझा हात लागला की मान भिंतीकडे फिरवायच्या. एकदा म्हणाल्या, "अगं, मला केळ्यासारखं सोलून काढतेयस असं वाटतं."

मी बावीस वर्षं शिवणकाम करते. घराच्या पुढच्या खोलीत माझं मशीन. म्हटलं, गावभरच्या बायकांची मापं घेत आयुष्य गेलं आणि घरातल्या बाईचं एवढं जमू नये? एका डाव्या हाताने घालता-काढता येईल असा गाऊन बेतायला बसले. पुढून तिरका उघडणारा, मोठी चपटी बटणं, काजांच्या जागी ताणणारे फास. सहा गाऊन वाया गेले. सातवा घालून त्या एक दिवस स्वतः संडासात गेल्या आणि आतून कडी लावली. मी दाराबाहेर श्वास रोखून उभी. आतून आवाज आला, "तिथे काय पहारा देतेयस? जा, तुझं काम कर."

त्या गेल्या तेव्हा असे चार गाऊन कपाटात होते. ते धाकट्या दिरांनी पाहिले.

भावजी औषधांच्या कंपनीत फिरतीवर होते. नोकरी सुटली की सोडली ते आम्ही खोदून विचारलं नाही. धंदा कसा सुरू करायचा याचा तीन दिवसांचा वर्ग करून ते नुकतेच आले होते आणि तोंडात सगळी तीच भाषा होती. "वहिनी, ग्राहकाची वेदना शोधायची. वेदना सापडली की धंदा सापडला." ते हे बोलत होते तेव्हा त्यांच्या हातात त्यांच्याच आईचा गाऊन होता. मला थोडं कसंसंच झालं, पण माणूस उत्साहात असला की असं बोलून जातो, म्हणून मी ते सोडून दिलं.

पहिले दोन महिने आम्ही घरोघर फिरलो. म्हातारी माणसं गाऊन हातात घेत, बटणं काढून-लावून बघत आणि लहान मुलांसारखी हसत. एका निवृत्त बाईंनी तो नऊ वेळा उघडला आणि मिटला. मग म्हणाल्या, "मुलाला विचारते हं." मुलगा बाहेर आला आणि म्हणाला, "आहेत की तिला कपडे." असंच सगळीकडे. चहा मिळायचा, कौतुक मिळायचं, विक्री शून्य.

"चूक कळली मला," भावजी एक दिवस म्हणाले. "वापरणारा वेगळा आणि पैसे देणारा वेगळा. आपण चुकीच्या माणसाशी बोलतोय."

मला ते पटलं. खोटं कशाला बोलू, मला तेव्हा ते फार हुशारीचं वाटलं होतं.

त्यानंतर ते मला एका वृद्धाश्रमात घेऊन गेले. तिथल्या संचालिकेला सगळे नुसतं 'बाई' म्हणत. बाईंचं ऑफिस लखलखीत होतं. कोपऱ्यात कसलंसं अत्तराचं यंत्र दर पाच मिनिटांनी फुस्स करायचं. टेबलावर पेपरमिंटच्या गोळ्यांचा काचेचा वाडगा. बाईंनी गाऊन दोन बोटांत धरून उजेडाकडे केला.

"काम सुरेख आहे," त्या म्हणाल्या. "पण हा उघडतो."

"उघडायलाच केलाय," मी म्हटलं. "त्यांना स्वतःला उघडता यावा म्हणून."

"तेच नकोय मला."

मग त्यांनी समजावून सांगितलं. विसरभोळी माणसं डायपर काढून फेकतात, भिंतीला फासतात, नागडी फिरतात, मावश्या रडकुंडीला येतात. मलाही हे ठाऊक होतं. शेवटच्या महिन्यात सासूबाईंची चादर मी दिवसातून किती वेळा बदलली होती ते मलाच माहीत. बाईंना हवा होता गळ्यापासून पायांपर्यंत सलग कपडा. पुढून काही नाही. चेन पाठीवर, आणि चेनीच्या तोंडावर बटणाची पट्टी. कापड जाड.

मी तो शिवला. नुसता शिवला नाही, जीव ओतून शिवला. सासूबाईंचा हात कुठवर पोचायचा, बोटं कशी चाचपत यायची, कुठे थकायची, ते मला पाठ होतं. ते सगळं मी उलटं वापरलं. म्हातारं बोट जिथे पोचू शकेल तिथे काही ठेवलं नाही. शिलाई उसवू नये म्हणून दुहेरी टीप घातली, टाका बारीक ठेवला. नमुना बघून बाई पहिल्यांदा हसल्या. जागेवर साठ कपड्यांचं काम मिळालं.

त्यानंतर आणखी तीन ठिकाणांहून मागणी आली. आम्ही एक मागची खोली भाड्याने घेतली, दोन शिवणाऱ्या बायका ठेवल्या. भावजींनी भिंतीवर तक्ता लावला आणि त्यावर रंगीत खुणा करू लागले. घरी ह्यांना बरं वाटत होतं, भाऊ मार्गी लागला म्हणून. मलाही बरं वाटत होतं. पाच महिने बरं वाटलं.

पाच महिन्यांनी बाईंच्या आश्रमातून तक्रार आली, चेनींची मुंडकी तुटतायत. भावजी परगावी गेले होते. मी म्हटलं, मीच जाऊन बघते. मंगळवार होता, सकाळचे अकरा वाजले असतील. आम्ही कधी ऑफिसच्या पुढे गेलोच नव्हतो. त्या दिवशी बाई बाहेर गेल्या होत्या आणि दारावरच्या मावशीला यातलं काही माहीत नव्हतं. "चेनवाल्या ताई का? या," म्हणून तिने मला सरळ मागच्या हॉलमध्ये नेलं.

आधी वास आला.

मी नाक मुरडणाऱ्यांतली नाही. दोन वर्षं मी आजारी माणसाचं सगळं केलंय. ताज्या घाणीचा वास कसा असतो ते मला कळतं आणि त्याचं मला काही वाटत नाही. हा वास ताजा नव्हता. कालपासून अंगाला चिकटून बसलेला, वर फिनेल ओतलेला, गोडसर कुजका वास. तो घशात जाऊन बसला. आणि मग दिसलं ते. अठरा पलंग, अठरा माणसं आणि अठराही जणांच्या अंगावर माझा निळसर राखाडी कपडा. एक माझ्या हातचा, एक माझ्या हातचा, एक माझ्या हातचा.

"दिवसात किती वेळा बदलता?" मी विचारलं.

"काय, डायपर? एकदा. सकाळी आठला."

"एकदाच?"

"अहो, आधी चार-चार लागायचे. काढून टाकायचे ना! आता काढताच येत नाही, मग बदलायचं कशाला?" मावशीला हे सांगताना काही वाटत नव्हतं, उलट ती मला बरी बातमी देत होती. "आधी आम्ही चौघी होतो इथे. आता दोघीत भागतं. बाई म्हणतात, तुमच्या कपड्याने फार सोय केली."

"पण हे सगळे विसरभोळे आहेत?"

"छे! पाच-सहा असतील."

"मग बाकीच्यांना हे कशाला?"

"सगळ्यांना एकच बरं पडतं. धुवायला सोपं."

खिडकीपाशी एक म्हातारा माणूस पलंगावर ताठ बसला होता. आमचं बोलणं त्याने ऐकलं असावं. त्याने हाक मारली, "ताई, हे तुम्ही शिवलंत?"

मी जवळ गेले. मावशी म्हणाली, "हे मास्तर. पूर्वी शिंपी होते. चेन हेच तोडतात, चावट कुठले." आणि ती कुणीतरी हाक मारली म्हणून निघून गेली.

"हो, मीच तोडतो," मास्तर म्हणाले. आवाज खर्जातला, शब्द स्वच्छ. "त्या पलंगाच्या लोखंडी कोपऱ्याला पाठ घासायची. तीन-चार दिवस लागतात मुंडकं तुटायला. मग दुसरा घालतात." त्यांनी बाही वर केली आणि शिलाईवर अंगठा फिरवला. "शिलाईचा मात्र नाद सोडला मी. पंधरा दिवस नखाने उकरत होतो. दुहेरी टीप आहे. टाकाही बारीक. चांगल्या हाताचं काम आहे, ताई. फार चांगल्या."

ते टोमणा मारत नव्हते. एका शिंप्याने दुसऱ्या शिंप्याला सांगावं तसं ते सांगत होते. तोच मला जन्मातला सगळ्यात मोठा टोमणा वाटला.

"मी इथे चालत आलो होतो," ते पुढे म्हणाले. "आठ महिने झाले. पाय दुखायचे, पण संडासला स्वतः जायचो. हा कपडा आला आणि सांगितलं, आता कुणाला बोलवायचं नाही, डायपर आहे ना, त्यातच करा. पहिले दोन दिवस मी धरून बसलो. दोन दिवस, ताई. मग..." त्यांनी हात हवेत सोडून दिला.

मी त्यांच्या पाठीशी गेले आणि पट्टीचं बटण काढलं. चेन खाली ओढली. चेनीखालची कातडी सोलवटून लाल झाली होती, दातांची नक्षी जशीच्या तशी उमटली होती. खाली काय होतं ते मी लिहीत नाही. मास्तर म्हणाले, "बघू नका." मी म्हटलं, "मी सासूचं केलंय, लाजू नका." पण लाज मला वाटत होती. मी पाणी आणलं, पुसलं, धुतलं, कपाटातून नवीन डायपर काढला. मावशी धावत आली. "अहो ताई, हे काय! आता मला विचारतील ना, एक जास्त कसा गेला!"

तेवढ्यात बाई आल्या. हॉलच्या दारात उभं राहूनच त्यांनी रुमाल नाकाला लावला आणि मला खुणेने बाहेर बोलावलं. स्वतःच्याच हॉलमध्ये त्या पाऊल टाकत नव्हत्या.

ऑफिसात त्यांनी गोळ्यांचा वाडगा पुढे केला. "घ्या, तोंडाला बरं वाटेल." सवयीने मी एक गोळी उचलली आणि तोंडात टाकली. अजूनही त्या गोळीची चव आठवली की माझ्या तोंडाला पाणी सुटतं, उलटीच्या आधी सुटतं तसं.

"चेन प्लास्टिकची लावलीय ना तुम्ही?" बाई म्हणाल्या. "जाड धातूची लावा. आणि एक विचारायचं होतं. हातांच्या पिशव्या शिवता येतील का? मोज्यासारख्या, मनगटाला बांधायच्या. बोटं मोकळी राहिली की हे लोक उचापती करत बसतात."

"मास्तर शहाणे आहेत, बाई. त्यांना काही झालेलं नाही."

"असतील ना शहाणे."

"मग त्यांना तरी साधे कपडे द्या. ते स्वतः संडासला जाऊ शकतात."

"आणि पडले म्हणजे? त्यांना धरून न्यायला मी माणूस कुठून आणू?" त्यांनी एक गोळी स्वतः तोंडात टाकली. "हे बघा, त्यांचे पैसे त्यांची मुलगी भरते. तिची काही तक्रार नाही. तुमचे पैसे मी भरते. माझीही तक्रार एवढीच आहे, चेनीची."

अत्तराचं यंत्र फुस्स झालं. मी उठले आणि फाटकापर्यंत पोचले. तिथे ओळीने जिरेनियमच्या कुंड्या होत्या. त्यांतल्या पहिल्या कुंडीत मी भडभडून ओकले. गोळी अख्खीच बाहेर पडली.

संध्याकाळी भावजी परतले. मी सगळं सांगितलं, वासासकट. त्यांनी मध्येच तोडलं नाही, वर्गात शिकवलं असेल तसं नीट ऐकून घेतलं. मग म्हणाले, "वाईट आहे. पण वहिनी, आपण कापड विकतो. आत ते काय करतात त्याला आपण काय करणार?"

"आपण काय करतोय ते सांगितलं ना मी आत्ता. त्या कपड्यामुळे दोन मावश्या काढल्या त्यांनी. चार वेळा धुवायचं ते एकदा धुतात."

"म्हणजे बघा, बाईंची खरी वेदना ती होती!" ते म्हणाले. बोलता बोलता त्यांचा चेहरा उजळला. "त्यांना माणसं परवडत नव्हती. आपल्या लक्षातच आलं नाही. हे आपण बाकीच्या आश्रमांना सांगायला हवं, मनुष्यबळ निम्मं होतं म्हणून."

मी ह्यांच्याकडे पाहिलं. हे पेपरची घडी करत होते. "जाऊ दे ना," हे म्हणाले. हे कुणाला म्हणाले, मला की भावाला, देव जाणे.

मग मी कपाटातून मोठ्या मापाचा एक कपडा काढला. "भावजी, एकदा हा अंगात घालून बघा. ज्याला वापरायचं त्याच्या जागी बसून बघायला शिकवलं होतं ना तुम्हाला?"

त्यांना ती गंमत वाटली. घातला. मी पाठीमागून चेन ओढली, पट्टी बसवली, बटण लावलं आणि चहा टाकायला गेले. दहा मिनिटं ते हसत होते. हात खांद्यावरून टाकून बघितले, खालून घालून बघितले, दाराच्या कडीला पाठ घासली. अर्ध्या तासाने हसू संपलं. "बरं वहिनी, काढा आता." मी भाजी चिरत राहिले. पाऊण तासाने ते म्हणाले, "काढा म्हटलं ना! मला जायचंय." "कुठे जायचंय?" मी विचारलं. त्यांचा चेहरा लालबुंद झाला होता, कपाळावर घाम. ह्यांनी उठून माझ्याकडे एकदा बघितलं आणि भावाच्या पाठीवरचं बटण काढलं. भावजी धावत सुटले.

मला वाटलं, आता तरी. खरंच वाटलं होतं. ते परत आले, तोंड पुसलं, खुर्चीत बसले. मग तो कपडा उचलून त्यांनी मांडीवर पसरला, खांद्यापाशी बोट ठेवलं.

"वहिनी, इथे एक इंच कमी करा," ते म्हणाले. "माझी बोटं जवळजवळ पोचली होती."

त्या माणसाला मी लग्न होऊन आले तेव्हापासून ओळखते. त्याच्या शाळेच्या शर्टाची बटणं मी शिवून दिली आहेत. त्या क्षणी तो माझ्यासमोर बसला होता, नुकताच हात धुऊन, हाताला साबणाचा वास, आणि मला त्याची अशी शिसारी आली की मी खुर्ची मागे सरकवली. आणि ती सगळी त्याच्यावरच आली असं नाही. खांद्यात अर्धा इंच तर मी पहिला नमुना शिवतानाच कमी केला होता.

"मी शिवणार नाही," मी सांगितलं. "चेनही नाही, पिशव्याही नाहीत."

"वहिनी, कापाचा नमुना माझ्याकडे आहे. दुसरं कुणी शिवेल."

"शिवेल. मी नाही."

रात्री जेवायला बसले तर बोटांना तोच वास. तीनदा हात धुतले होते. दोन दिवस मी चमच्याने जेवले.

तिसऱ्या दिवशी मास्तरांच्या मुलीला शोधून काढलं. तिचं चष्म्याचं दुकान होतं, मास्तरांनीच बोलता बोलता सांगितलेलं. चाळिशीची, पांढरा कोट घातलेली, एका गिऱ्हाइकाच्या नाकावर चष्मा बसवत होती. ते गिऱ्हाईक जाईपर्यंत मी थांबले आणि मग मी कोण, काय शिवलं, काय पाहिलं, सगळं सांगितलं.

"शक्यच नाही," ती म्हणाली. "मी दर रविवारी जाते. बाबा स्वच्छ असतात. इस्त्रीचा सदरा घातलेला असतो."

"रविवारी. भेटीच्या वेळेला."

तिने पुढ्यातला चष्मा उचलून पुन्हा खाली ठेवला. "ते म्हणायचे, मला घेऊन चल. मला वाटायचं, करमत नाही म्हणून म्हणतात. बाई म्हणायच्या, सगळेच म्हणतात, लक्ष देऊ नका."

"आज जाऊन बघा."

"आज भेटू देत नाहीत."

"पैसे तुम्ही भरता ना?" मी म्हटलं. "मग तुम्हाला कोण अडवतं?"

तिने कोट काढून खुर्चीवर टाकला आणि दुकानाचं शटर ओढलं.

फाटकावर अडवलंच. बाई स्वतः बाहेर आल्या, नियम सांगितले, संसर्गाचं कारण सांगितलं, माझ्याकडे बोट दाखवून म्हणाल्या की या बाईंचं आमच्याशी व्यवहारावरून भांडण झालंय. मुलीने काही ऐकलं नाही. ती सरळ चालत राहिली आणि मी तिच्या मागून. बाई आमच्याबरोबर हॉलच्या दारापर्यंत आल्या आणि तिथेच थांबल्या.

दार उघडल्याबरोबर मुलगी मागे सरकली. तिच्या हाताने आपोआप नाक दाबलं. खिडकीपाशी बसलेल्या मास्तरांनी ते पाहिलं. ते पाहिलं हे मी पाहिलं. ते म्हणाले, "तू बाहेर थांब, बाळा. येतो मी." जणू बाहेर येणं त्यांच्या हातात होतं.

त्या पोरीने तोंडाने श्वास घेतला आणि आत गेली. बापाच्या पाठीमागे उभी राहून तिने बटण काढलं, पण चेन तिला ओढता येईना. मीच ओढली. कपाटातला त्यांचा रविवारचा सदरा-पायजमा आम्ही दोघींनी मिळून घातला. तो कपडा तिने जमिनीवरून दोन बोटांनी उचलला आणि माझ्याकडे बघितलं. शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं. ती एवढंच म्हणाली, "हे तुम्ही बनवलंत." मी हो म्हटलं.

मास्तर त्या दिवशी मुलीकडे गेले. दुकानाच्या वरच दोन खोल्या होत्या. तिला ते सोपं गेलं नाही. दुकान, वर-खाली धावपळ, रात्रीची जागरणं. पुढे एकदा ती मला म्हणाली, "कधी कधी चिडून त्यांच्यावर ओरडते मी. मग तुमचा तो कपडा आठवतो आणि आणखीच चीड येते, तुमचीसुद्धा." सात महिन्यांनी मास्तर न्युमोनियाने गेले, स्वतःच्या सदऱ्यात.

बाकीच्या सतरा घरांचे सगळे पत्ते काही मला मिळाले नाहीत. मला आत नेलं म्हणून त्या मावशीला नोकरीवरून काढलं, तेव्हा तिने लाज किंवा राग, काहीतरी येऊन अकरा पत्ते दिले. मी अकरा दारं ठोठावली. चार जणांनी आपलं माणूस काढून नेलं. एका मुलाने "तुमचं काय जातं?" म्हणून दार लावलं. एका सुनेने मला आत बसवलं, सगळं नीट ऐकलं आणि म्हणाली, "खरं सांगू का? आधी रोज आश्रमातून फोन यायचे, हे केलं, ते केलं. आता एकही फोन येत नाही. मला त्याचेच पैसे द्यायचेत." तिच्या घरातून बाहेर पडताना मी तिच्या दाराच्या मुठीलाही हात लावला नाही, कोपराने ढकललं.

मी तपासणी खात्यात लेखी तक्रार दिली. तपासायला माणसं गेली. आधी कळवून गेली. सगळ्यांच्या अंगावर इस्त्रीचे सदरे होते.

भावजींचं छान चाललंय. तीन शहरांत माल जातो. खांद्यात इंच कमी, चेन धातूची, बरोबर हातांच्या पिशव्या. मध्यंतरी त्यांनाच कुठल्याशा वर्गात बोलायला बोलावलं होतं, ग्राहक कसा ओळखावा यावर. आमचे हे ऐकायला गेले होते. परत येऊन म्हणाले, "चांगला बोलला." मी ताट वाढलं आणि आत गेले. आमच्यात त्या विषयावर एवढंच बोलणं होतं.

मी पुन्हा पुढच्या खोलीतल्या मशीनवर बसते. आता एकच नियम ठेवलाय, जो घालणार त्यानेच यायचं, त्यानेच बघायचं, पैसेही त्यानेच द्यायचे. त्यामुळे गिऱ्हाइकं थोडी. कुणाचा हात मोडलेला, कुणाचं छातीचं ऑपरेशन झालेलं, कुणाच्या खांद्यात कळा. आश्रमातल्या माणसांपर्यंत यातलं काही पोचत नाही, ते मला माहीत आहे. त्यांच्या हातात पैसेच नसतात.

परवा एक बस चालवणाऱ्या बाई आल्या होत्या. गळ्यात झोळी, त्यात मोडलेला हात. पडद्याआड जाऊन त्यांनी शर्ट घालून बघितला. तिसरं बटण काही लागेना. आतून धडाधड शिव्या ऐकू आल्या, मग शर्ट पडद्यावरून उडत येऊन माझ्या मशीनवर पडला.

"काय शिवलंय हो हे!" त्या ओरडल्या. "याचे पैसे मागणार का माझ्याकडून?"

"नाही," मी म्हटलं. "कुठे अडतंय तेवढं सांगा."

त्यांनी पडदा बाजूला सारला, टॉवेल गुंडाळून पुढ्यात येऊन बसल्या आणि सांगायला लागल्या. मी वही उघडली.